नोटा सापडल्या, हात गुलाबी झाले. मग माझ्या साक्षीची गरज काय?

वाचक लिहितात: पती वारल्यावर जमिनीला माझी आणि मुलांची वारस नोंद लावायची होती. अर्ज देऊन महिने उलटले तरी लिपिक ‘पुढच्या आठवड्यात या’ एवढंच सांगत. मग एकदा म्हणाले, ‘साहेबांचंही बघावं लागतं.’ नाइलाजाने मी एक हजार दिले. त्यावर ‘एवढ्यात भागत नाही’ म्हणाले. चौथ्या दिवशी मी लाचलुचपत प्रतिबंधक विभागात गेले आणि त्या हजारासकट सगळं तक्रारीत सांगितलं. मागणी खरी आहे का याच्या पडताळणीला एक पंच माझे नातेवाईक म्हणून सोबत आले होते, माझ्याजवळ रेकॉर्डर होता. लिपिकांनी तोंडाने आकडा सांगितलाच नाही. पाच बोटं दाखवली आणि म्हणाले, ‘एवढं करा, मग बघू.’ दोन दिवसांनी सापळा लागला. मी पाच हजार पुढे केले तर ‘फाइलमध्ये ठेवा’ म्हणाले. नंतर स्वतः नोटा काढून ड्रॉवरमध्ये टाकल्या. त्यांना पकडलं, हात धुतले, पाणी गुलाबी झालं. ही 2022 ची गोष्ट. 2023 मध्ये दोषारोपपत्र दाखल झालं आणि आता मला साक्षीचं समन्स आलंय. दरम्यान एक नातेवाईक घरी येऊन सांगून गेले, ‘तुमची नोंद झाली ना? मग कुणाच्या पोटावर कशाला पाय देता? आठवत नाही म्हणा.’ मी हातउसने घेतलेले पैसे परत केले, असं त्यांचे वकील म्हणणार आहेत, असंही कानावर आलंय. रंगेहाथ पकडलेली माणसंही सुटतात म्हणे. नोटा सापडल्यावर आणखी सिद्ध काय करायचं असतं? आणि त्या हजार रुपयांबद्दल माझ्यावरच गुन्हा लागेल का?

उत्तर:

नमस्कार ताई,

शेवटच्या प्रश्नापासून सुरुवात करते, कारण झोप त्यानेच उडवली असणार. भ्रष्टाचार प्रतिबंधक कायदा 1988 सालचा. त्यात 26 जुलै 2018 पासून मोठी दुरुस्ती झाली आणि लाच देणं हाही कलम 8 खाली स्वतंत्र गुन्हा झाला. पण त्याच कलमात लिहिलंय की ज्याला लाच देणं भाग पडलं त्याने सात दिवसांच्या आत पोलीस किंवा तपास यंत्रणेला कळवलं, तर त्याला हे कलम लागत नाही. तुम्ही चौथ्या दिवशी गेलात आणि काही लपवलं नाहीत. सापळ्यातले पाच हजार तर तुम्ही विभागाला कळवून, त्यांच्या कामात मदत म्हणून दिलेत. त्यांनाही त्याच कलमात संरक्षण आहे. तेव्हा उलटतपासणीत ‘तुम्ही आधीही पैसे दिले होते ना?’ असा प्रश्न आला तर दचकू नका. ‘हो, दिले होते, तक्रारीत सांगितलंय’ एवढं उत्तर पुरेसं आहे.

आता मुख्य गोष्ट. तुम्ही विचारता, नोटा सापडल्यावर आणखी काय सिद्ध करायचं. ताई, खटल्यातली सगळ्यात महत्त्वाची गोष्ट अजून सिद्ध व्हायचीच आहे, आणि ती बहुतांशी तुमच्या तोंडून सिद्ध होणार आहे. ती म्हणजे मागणी.

पाणी गुलाबी झालं म्हणजे नेमकं काय झालं ते बघा. सापळ्यापूर्वी पंचांसमोर नोटांचे नंबर लिहून घेतले आणि त्यांना फिनॉल्फ्थॅलिनची पांढरी पावडर लावली. नोटेवर ती डोळ्यांना जाणवतही नाही. सोडियम कार्बोनेट म्हणजे धुण्याच्या सोड्याच्या पाण्यात ती गेली की पाणी गुलाबी होतं. (काही सापळ्यांत अँथ्रासिन पावडर वापरतात. तिथे हात धुवावे लागत नाहीत, अल्ट्राव्हायोलेट दिव्याखाली बोटं चमकतात.) ते गुलाबी पाणी बाटल्यांत भरून, पंचांच्या सह्यांनिशी सील करून प्रयोगशाळेत जातं आणि तिथून अहवाल येतो. या सगळ्यातून एकच गोष्ट ठरते, की त्या हाताचा त्या नोटांशी स्पर्श झाला. का झाला, हे बाटली सांगू शकत नाही. उसने परत घेतानाही झाला असता, सरकारी शुल्क भरून घेतानाही झाला असता. नेमक्या याच फटीतून आरोपी निसटतात.

सर्वोच्च न्यायालयाने 1979 मध्ये सूरजमल यांच्या प्रकरणात सांगितलं होतं की नुसते पैसे मिळाले आणि ते का दिले हे सिद्ध झालं नाही, तर शिक्षा देता येणार नाही. 2014 च्या बी. जयराज प्रकरणात तेच झालं. आंध्र प्रदेशातले महसूल अधिकारी सापळ्यात सापडले, नोटा मिळाल्या. पण न्यायालयात खुद्द तक्रारदारानेच साक्ष फिरवली आणि परवान्याच्या नूतनीकरणाचं शुल्क बँकेत भरावं म्हणून ते पैसे दिले होते, असं सांगितलं. मागणीचा दुसरा पुरावा नव्हता. आरोपी सुटले. तिथे पावडरही होती आणि पंचनामाही होता. नव्हती ती फक्त तक्रारदाराची खरी साक्ष.

2022 मध्ये हा प्रश्न पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठापुढे गेला. तक्रारदार वारला, फितूर झाला किंवा साक्षीला मिळालाच नाही, तर मागणी सिद्ध होऊच शकत नाही का? 15 डिसेंबर 2022 रोजी नीरज दत्ता प्रकरणात उत्तर आलं, की होऊ शकते. दुसऱ्या साक्षीदाराच्या तोंडून, कागदपत्रांतून किंवा परिस्थितीजन्य पुराव्यातून. मात्र मागणी आणि स्वीकार या दोन्ही गोष्टी सिद्ध व्हायलाच हव्यात, त्यात सूट नाही. पुढे काय झालं तेही माहीत असावं. घटनापीठाने तत्त्व सांगितल्यावर मूळ अपील दोन न्यायमूर्तींकडे परत आलं. तक्रारदार साक्ष देण्याआधीच वारले होते. मार्च 2023 मध्ये त्या अधिकारी निर्दोष सुटल्या, कारण तक्रारदाराविना मागणी सिद्ध होईल इतका बाकीचा पुरावा भक्कम निघाला नाही.

उलट बाजूचं उदाहरणही आहे. 2000 च्या नरसिंग राव प्रकरणात तक्रारदार फितूर झाला होता, तरी परिस्थिती इतकी स्पष्ट होती की शिक्षा कायम राहिली. म्हणजे तक्रारदार फिरला तर खटला पडतोच असं नाही, पण तो नशिबावर जातो. तुमचा खटला नशिबावर जाऊ नये असं मला फार वाटतं, कारण तुमच्याकडे पुरावा चांगला आहे.

त्यातली नाजूक जागा कुठली, तर ती पाच बोटं.

रेकॉर्डरला बोटं दिसत नाहीत. ध्वनिमुद्रणात फक्त ‘एवढं करा, मग बघू’ एवढंच येणार. बचावाचे वकील यावर नक्की बोट ठेवतील. ‘एवढं करा’ म्हणजे एवढे कागद जमा करा, असंही म्हणतील. तोंडाने रक्कम उच्चारली नाही म्हणून मागणी होत नाही, असं कायदा म्हणत नाही. खूण करून, सूचक बोलून, मध्ये माणूस घालून केलेली मागणी हीसुद्धा मागणीच. पण त्या खुणेचे साक्षीदार जगात दोनच आहेत, तुम्ही आणि ते पंच. म्हणून साक्षीत हा प्रसंग घाईघाईने उरकू नका. ते कुठे बसले होते, तुम्ही कुठे उभ्या होतात, कुठला हात वर झाला, बोटं दाखवण्याआधी काय बोलणं चाललं होतं, त्यावर तुम्ही काय म्हणालात, हे जसं घडलं तसं सांगा. ‘त्यांनी पाच हजार मागितले’ असं एका वाक्यात सांगितलंत, तर वकील विचारतील, ‘पाच हजार हे शब्द रेकॉर्डिंगमध्ये कुठे आहेत?’ आणि तुम्ही गोंधळाल. ‘त्यांनी पाच बोटं दाखवली आणि एवढं करा म्हणाले, मी पाच हजार समजले’ हे खरं आहे आणि टिकणारं आहे. त्यानंतर तुम्ही पाच हजारच घेऊन गेलात आणि त्यांनी ‘हे कशाचे?’ असं विचारलं नाही, ‘फाइलमध्ये ठेवा’ म्हणाले. त्या दोन शब्दांनी पाच बोटांचा अर्थ पक्का होतो. सापळ्याच्या दिवशीचं हे बोलणंही मागणीच्या पुराव्यातच धरतात, म्हणून तेही त्यांच्याच शब्दांत सांगा.

तुम्हाला जे आठवत नाही ते ‘आठवत नाही’ म्हणणं यात काही गैर नाही. तारीख, वार, पंचांचं नाव विसरलं तर विसरलं. माणूस इतक्या काळात विसरतो, हे न्यायाधीशांना माहीत असतं. संशय येतो तो सगळं तोंडपाठ असल्यासारखं सांगणाऱ्याचा, आणि जे विसरणं शक्यच नाही ते विसरलेल्याचा.

ध्वनिमुद्रणाबद्दल थोडं. संभाषण ध्वनिमुद्रित करून पुरावा म्हणून वापरणं आपल्याकडे नवं नाही. मुंबईचे कॉरोनर (संशयास्पद मृत्यूंची चौकशी करणारे अधिकारी) असलेल्या आर. एम. मलकानी यांच्या प्रकरणात 1972 साली सर्वोच्च न्यायालयाने दूरध्वनीवरचं टेप केलेलं बोलणं पुराव्यात घेतलं होतं. त्या प्रकरणात पैसे प्रत्यक्ष दिलेही गेले नव्हते, तरी लाच मिळवण्याच्या प्रयत्नाबद्दलची शिक्षा टिकली. आवाज कुणाचा हे पटलं पाहिजे, बोलणं प्रकरणाशी संबंधित हवं आणि टेपमध्ये फेरफार झालेला नको, या त्यातल्या कसोट्या आजही लागू आहेत. आता त्यात प्रमाणपत्राची भर पडली आहे. मेमरी कार्डावरचं बोलणं सीडीवर किंवा पेनड्राइव्हवर उतरवून दिलं असेल, तर जुन्या पुरावा कायद्याच्या कलम 65ब खालचं प्रमाणपत्र, म्हणजे ती नक्कल कशी काढली याचा लेखी दाखला, लागतं. अर्जुन खोतकर प्रकरणात 2020 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हे निःसंदिग्ध सांगितलं. 1 जुलै 2024 पासून भारतीय साक्ष अधिनियम आलाय, त्यात हीच तरतूद कलम 63 मध्ये आहे. पण तुमच्यासारख्या आधीपासून चालू असलेल्या खटल्याला जुनाच कायदा लागतो. प्रमाणपत्र आणणं हे तपास अधिकाऱ्यांचं काम, तुमचं नाही. तरी सरकारी वकिलांना एकदा विचारा, ‘प्रमाणपत्र जोडलंय ना?’ राहिलं असेल तर खटला संपण्याआधी ते दाखल करू देण्याचा अधिकार न्यायालयाला आहे, आणि तुम्ही विचारल्यामुळे ते वेळेत लक्षात येईल. साक्षीत तुम्हाला ते ध्वनिमुद्रण ऐकवलं जाईल. आवाज कुणाचा, कुठलं वाक्य कोण बोललं, हे तुम्हालाच सांगायचंय.

आता हातउसन्यांचं. हा बचाव इतका जुना आहे की प्रत्येक विशेष न्यायालयाने तो ऐकलेला असतो. त्याला उत्तर देण्याची जबाबदारी एकट्या तुमची नाही. मागणी आणि स्वीकार या दोन्ही गोष्टी सरकार पक्षाने सिद्ध केल्या, की कलम 20 खाली न्यायालय गृहीत धरतं की पैसे लाच म्हणूनच घेतले. मग ते गृहीतक खोडण्याची जबाबदारी आरोपीवर येते. त्याला नि:संशय सिद्ध करावं लागत नाही, आपलं म्हणणं संभवनीय आहे एवढं दाखवलं तरी चालतं. पण त्यासाठीही काहीतरी आधार लागतोच. उसने कधी दिले, कुणासमोर दिले, आणि पकडल्या क्षणी हे का नाही सांगितलं? तुमचा त्यांच्याशी कार्यालयाबाहेर कधी काही संबंध नव्हता, हे तुम्ही सरतपासणीतच, म्हणजे सरकारी वकील आधी प्रश्न विचारतात तेव्हाच, स्पष्ट सांगितलंत तर त्या कथेला बसायला जागा राहत नाही. ‘पैसे तुम्हीच पुढे केलेत, त्यांनी मागितलेच नव्हते’ असंही विचारतील. त्याचं उत्तर पाच बोटांत आहे. शिवाय देणाऱ्याने आपणहून देऊ केले आणि सरकारी नोकराने लाच म्हणून घेतले तरी तोही गुन्हाच आहे, हेही घटनापीठाने सांगितलंय.

एक प्रश्न हमखास येईल: ‘नोंद मंजूर करण्याचा अधिकार लिपिकाला नव्हताच, खरं ना?’ तुम्हाला माहीत नसेल तर ‘मला माहीत नाही, फाइल त्यांच्याकडे होती’ म्हणा. हा वाद वकिलांनी घालायचा आहे. खटला चालवायची मंजुरी कलम 19 प्रमाणे सक्षम अधिकाऱ्याने दिली का, तपास योग्य दर्जाच्या अधिकाऱ्याने केला का, यावरही बरंच भांडण होईल. त्यात तुमचा काही भाग नाही, मनावर घेऊ नका.

घरी आलेल्या नातेवाइकांबद्दल मात्र मी स्पष्ट बोलते. ‘आठवत नाही म्हणा’ हा सल्ला तुमच्या हिताचा नाही. तक्रार तुमची, तिच्यावर सही तुमची, ध्वनिमुद्रणात आवाज तुमचा. त्यावर तुम्ही आठवत नाही म्हणालात तर सरकारी वकील तुम्हाला फितूर जाहीर करायला लावतील आणि तुमचीच उलटतपासणी घेतील. न्यायालयात शपथेवर जाणूनबुजून खोटं सांगणं हा सात वर्षांपर्यंतच्या शिक्षेचा गुन्हा आहे. आरोपीच्या लेकरांची काळजी वाटणं साहजिक आहे, ती वाटत असेल तर वाटू द्या. कलम 7 खाली किमान तीन वर्षं आणि कमाल सात वर्षं शिक्षा आहे, ती किती द्यायची हे न्यायाधीश ठरवतील. पण नवरा नुकताच गेलेल्या बाईकडून तिच्या मुलांच्या हक्काच्या नोंदीसाठी पैसे मागितले गेले, ही गोष्ट तुमच्या दयेने पुसली जात नाही. तुमच्यामागून त्याच टेबलासमोर दुसरी बाई उभी राहणार आहे. मला तिचीही काळजी वाटते.

ते पुन्हा आले तर ‘हे सगळं मी साहेबांना सांगणार आहे’ एवढं बोलून दार लावा आणि खरोखरच तपास अधिकाऱ्यांना व सरकारी वकिलांना लेखी कळवा. कोण आलं, कधी आलं, काय बोललं, सोबत कोण होतं. साक्षीदाराला धमकावणं हा स्वतंत्र गुन्हा आहे आणि आरोपीच्या सांगण्यावरून तसं घडत असेल तर त्याचा जामीन रद्द होऊ शकतो. भीती वाटत असेल तर साक्षीदार संरक्षण योजना, 2018 खाली जिल्ह्याच्या सक्षम समितीकडे संरक्षणासाठी अर्ज करता येतो. ती योजना सर्वोच्च न्यायालयाने मान्य केली आहे. स्वतःचा वकील हवा असेल तर तो सरकारी वकिलांच्या मदतीला राहू शकतो, आणि बाईमाणसाला उत्पन्नाची अट न लावता मोफत कायदेशीर मदत मिळते. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचं कार्यालय जिल्हा न्यायालयाच्या आवारातच असतं.

समन्सवरच्या तारखेच्या आधी एक दिवस सरकारी वकिलांना भेटा. तक्रारीची प्रत तुम्हाला मोफत मिळण्याचा हक्क आहे, मिळाली नसेल तर मागा आणि शांतपणे वाचा. काय बोलायचं हे कुणी पढवू नये आणि तुम्हीही पढून घेऊ नका. वाचायचं ते आठवण ताजी व्हावी म्हणून. न्यायालयात नोटा आणि सीलबंद बाटल्या समोर ठेवतील, पंचनाम्यावरच्या सह्या दाखवतील. ओळखू येईल ते सांगा. प्रश्न कळला नाही तर पुन्हा विचारायला सांगा. उत्तर न्यायाधीशांकडे बघून, थांबत थांबत द्या, कारण ते टंकलिखित होत असतं. वाक्य चुकीचं टिपलं गेलं असं वाटलं तर तिथेच सांगा. दिवसाअखेर साक्ष वाचून दाखवतात, ती पूर्ण ऐकूनच सही करा.

आणि एक गोष्ट विसरू नका. सरतपासणी झाल्यावर बचाव पक्ष ‘उलटतपासणीला तारीख द्या’ म्हणण्याची शक्यता असते. पंजाबातल्या विनोद कुमार प्रकरणात सापळ्यातल्या एका महत्त्वाच्या साक्षीदाराची सरतपासणी आणि उलटतपासणी यांच्यात वीस महिने गेले आणि तेवढ्या अवधीत तो फिरला. 2015 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने शिक्षा कायम ठेवली, पण अशी तारीख दिल्याबद्दल तीव्र नाराजीही व्यक्त केली. तुमच्याकडे तसं होऊ लागलं तर सरकारी वकिलांना आधीच सांगून ठेवा की तुमची उलटतपासणी त्याच दिवशी किंवा दुसऱ्याच दिवशी घ्यावी, असा त्यांनी आग्रह धरावा. ते बोलले नाहीत तर पिंजऱ्यातून तुम्हीच न्यायाधीशांना म्हणा, ‘साहेब, माझ्यावर दबाव येतोय, माझी साक्ष आजच पूर्ण करून घ्या.’ एवढं म्हणायचा तुम्हाला पूर्ण अधिकार आहे, आणि ते ऐकल्यावर सहसा लांबची तारीख पडत नाही.